तीन होळ्यांचा सौदा

माझ्या नातीच्या इतिहासाच्या पुस्तकात दमणला दीड ओळ दिली आहे. फिरंग्यांच्या ताब्यातून दमण सुटलं, एवढंच. परीक्षा जवळ आली की ती ही ओळ मोठ्यानं पाठ करते आणि मी स्वयंपाकघरात जाऊन भांडी आपटते. तिला वाटतं, आजीला आवाजाचा त्रास होतो. त्रास आवाजाचा नाही, त्या ओळीचा आहे. ती ओळ लिहिणाऱ्याच्या घरातलं त्या दिवशी कोणी समुद्रावर नव्हतं, हे मला पहिल्या शब्दापासून कळतं. दमण सुटलं ते चांगलंच झालं. माझा मामा तिथे राहायचा, फिरंगी शिपायांची मुजोरी त्याच्या तोंडून आम्ही पुष्कळ ऐकली होती. शाळेत मास्तरांनी आम्हाला रांगेत उभं केलं, जयजयकार करायला लावला आणि प्रत्येकाच्या हातावर चमचाभर साखर ठेवली. मी माझी खाल्ली आणि शेजारणीच्या हातावरची अर्धी पटवून घेतली. तोंड गोड करून, उड्या मारत घरी आले. आमच्या घरात त्या दिवसाचं नाव वेगळं आहे. बाबा अडकले तो दिवस. पण ते आम्हाला कळायला आखाती, म्हणजे अक्षय्य तृतीया, उजाडावी लागली.

आमचं घर पालघरजवळच्या मुरबे गावात. दारात उभं राहिलं की बोंबील सुकवायच्या वलांड्या दिसायच्या, बांबूला बांबू बांधून केलेल्या, आणि त्यांच्यावर जोडीजोडीनं जबड्यात जबडा अडकवून टांगलेले बोंबील. वारा सुटला की ते एकमेकांवर आपटून खडखड करायचे. तो आवाज थांबला की झोपेतूनसुद्धा आयेला कळायचं, की हवा दमट झाली, माल खराब होणार. आये म्हणजे माझी आई, पारू. बुटकी, काळी, मनगटं जाड, आणि दोन्ही मनगटांत कोपराच्या दिशेनं चढत गेलेल्या हिरव्या बांगड्या. ती बोलायची कमी. बोलायचं काम घरात माझं होतं. आठ-नऊ वर्षांची असल्यापासून मी तिच्याबरोबर सुकी मासळी घेऊन उमरोळीला जायचे. डोंगरातल्या बाया तिथे नाचणी, तांदूळ घेऊन यायच्या आणि मापाला माप अशी अदलाबदल व्हायची. आये टोपली उतरवून गप्प बसायची आणि मी भांडायचे. एक बाई मला म्हणाली होती, "काय गो, बोंबलाला जीभ नसते म्हनून त्याची जीभ तुला लागली काय?"

आमची होडी दोन भावांची मिळून. माझे बाबा, नारायण, पण गावात सगळे नारानच म्हणायचे, ते तांडेल. म्हणजे होडीवर त्यांचा शब्द शेवटचा. धाकटा भाऊ पदूकाका किनाऱ्यावरचं बघायचा, माल विकायचा. गोरा, हसरा, गळ्यात रुमाल, आणि सौद्यात असा तरबेज की सातपाटीचे व्यापारीसुद्धा त्याला पाहून आधी पानाचा डबा पुढे करायचे. मी सौदा शिकले ती त्याच्याकडूनच, हे इथे लिहून टाकते. आमच्यात सौद्याचा एक नियम होता. समोरच्यानं सांगितलेला भाव आवडला नाही तर गप्प राहून निघून जायचं. पण एकदा तुम्ही उलटा भाव बोललात की तुम्ही सौद्यात आलात. मग हातावर हात पडेपर्यंत उठता येत नाही. आणि हातावर हात पडला की तो बोल. त्यातून माघार घेणाऱ्याच्या होडीवर खलाशी चढत नसत.

त्या वर्षी मासळी नीट लागली नाही. नायलॉनची जाळी नुकती दिसू लागली होती आणि बाबांना ती हवी होती. माझ्या मामाच्या ओळखीनं दमणच्या एका गलबतावर काम निघालं. गलबत माल घेऊन आफ्रिकेच्या किनाऱ्याला जायचं, फिरंग्यांच्याच बंदरात, आणि वारा फिरला की परत यायचं. दिवाळी झाल्यावर बाबा निघाले. बरोबर आमच्या शेजारचा भिका, नुकतं लग्न झालेला. निघताना बाबा मला म्हणाले, "आखातीला येतो. तवर काकासंगं भांडू नको." आयेला काहीच म्हणाले नाहीत. तिच्या हातच्या सुकटीच्या चटणीची बरणी मात्र काखेत मारून घेतली, आणि वळणावर जाईपर्यंत ती दुसऱ्या कोणाच्या हातात दिली नाही.

आखाती आली. दमणची दुसरी गलबतं परत आली. ते एक आलं नाही. मामा स्वतः सांगायला आला. दमण पडलं तेव्हा गलबत तिकडच्या बंदरात उभं होतं. इकडे आपल्या फौजेनं फिरंग्यांना हाकललं आणि तिकडे फिरंग्यांनी सापडतील ते आपले लोक उचलून तारेच्या कुंपणात घातले. गलबताला कुलूप लावलं. पुढचं कोणाला ठाऊक नव्हतं. दमण सुटलं होतं आणि माझा बाप त्याच्या बदल्यात ठेवून घेतला होता. मला तर तेव्हा असंच वाटलं. आजही फारसं वेगळं वाटत नाही.

आये मला घेऊन पालघरला कचेरीत गेली. तिथले साहेब पान खात होते. त्यांनी विचारलं, "गलबत कुठलं?" मी म्हटलं, दमणचं. "तेव्हा दमण कोणाचं होतं?" मी म्हटलं, फिरंग्यांचं. "मग फिरंग्यांच्या गलबतावर, फिरंग्यांच्या बंदरात, आपल्या मर्जीनं गेलेला माणूस. चौकशी त्यांच्याकडे करायची." मी विचारलं, "ते कुठे भेटतील?" तेव्हा ते आणि बाजूच्या टेबलावरचे, दोघे हसले. "त्यांना तर आपण घालवलं, बाळ." हसून झाल्यावर त्यांना जरा बरं वाटलं असावं, कारण त्यांनी कागद पुढे ओढला आणि आयेला विचारलं, "बरं, नवऱ्याचं नाव काय होतं?"

आये त्या कचेरीत तोवर एक शब्द बोलली नव्हती. ती म्हणाली, "व्हतं नाय. हाय. नारान."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं, जणू मी भाषांतर करून सांगणार होते. परतीच्या वाटेवर मी शिव्या देत होते आणि आये पुढे चालत होती. मध्येच थांबून म्हणाली, "त्या मानसाला बोलायला कोनी शिकवलं नाय. तू कशाला तोंड घान करतंस?"

मग पावसाळा लागला. होड्या वर ओढलेल्या, वलांड्या रिकाम्या, चुलीत ओली लाकडं. घरात रोज तांदळाची पेज आणि तिच्यात चिमूटभर सुकट, तीही मोजकी, कारण भादव्यापर्यंत पुरवायची असे. त्या पावसात भिकाच्या घरच्यांनी धीर सोडला. समुद्रावर गेलेला आणि परत न आलेला माणूस असला की आमच्याकडे गवताचा माणूस करून जाळतात आणि त्याचे सगळे विधी करतात. भिकाच्या मोठ्या भावानं ते करायचं ठरवलं. खाडीच्या काठावर भिकाच्या बायकोला, मंजूला, आणलं. ती माझ्याहून चार-पाच वर्षांनीच मोठी. बायकांनी तिचे हात दगडावर धरले. मी छत्रीसारखं इरलं डोक्यावर घेऊन पाहत होते. बांगड्या फुटल्याचा आवाज पावसात ऐकू येणार नाही असं वाटलं होतं. तो आला. आये तिथे नव्हती. ती घरात फाटलेलं जाळं तुणत बसली होती, आणि मी सांगायला गेले तेव्हा तिनं वर पाहिलं नाही. एवढंच म्हणाली, "बरं केलं नाय."

त्यानंतर पदूकाका दुसऱ्याच दिवशी आमच्या ओट्यावर आला. त्याच्या अडचणीची मला कल्पना आहे, आज तर जास्तच, कारण माणसं कामावर ठेवणं म्हणजे काय हे मला आता माहीत आहे. नारळी पौर्णिमेला होडी पाण्यात लोटायची. लोटण्याआधी होडीच्या नाळेची, म्हणजे पुढच्या उभ्या लाकडाची, पूजा तांडेलाच्या बायकोनं करायची. तिनं नाळेला कुंकू लावलं की खलाशी चढणार. आता आमच्या नाळेला कुंकू कोण लावणार? तांडेल जिवंत असेल तर आये. नसेल तर तिचा हात लागता कामा नये, मग काकी. खलाशी तर सरळ म्हणत होते, पारूवयनी सवाशीन हाय का नाय ते सांगा, मग आम्ही चढतो. अर्धवट होडीवर कोणी येणार नाही. काका म्हणाला, "वयनी, भिकाचा केला. आपला पन करून टाकू. पोटाचा प्रश्न हाय." आयेनं त्याला पेज दिली. त्यानं पेज प्यायली. पेज पिऊन वर पुन्हा तेच म्हणाला. ती पेज मला अजून आठवते. आमच्या वाट्याची होती.

नारळी पौर्णिमेच्या सकाळी पाऊस थांबला होता. सगळा पाडा किनाऱ्यावर. होड्यांना रंग, नाळेला झेंडूच्या माळा, नवी लुगडी, आणि सगळीकडे नारळीभाताचा वास. आमच्या होडीपाशी मात्र माणसं नुसती उभी. आये कुंकवाचं ताट घेऊन आली होती. काकीही ताट घेऊन आली होती. दोन ताटं, एक नाळ. काका मध्ये उभा राहून खलाशांना ऐकू जाईल असं म्हणाला, "वयनी, आज लोटू द्या. गनपतीच्या आधी मी सगळा विधी करतो दादाचा. तुमी आता मागे व्हा."

आये मागे झाली नाही, पुढेही गेली नाही. मला तिचा राग आला. ती कधीच बोलत नाही, उमरोळीच्या बाजारातही नाही, आणि आता इथेही नाही. आणि मग मी बाजारात करायचे तेच केलं. पाय रोवले, हात वर केला आणि बोंबलले, "सात होळ्या!"

काका म्हणाला, "काय?"

"सात होळ्या वाट बघायची. तवर माझा बाप हाय. तवर नाळ माझ्या आयेची."

खलाशी हसले. सगळ्यात म्हातारा खलाशी लखमाआबा, तोंडात दात नसलेला, तो तर खोकेपर्यंत हसला. "पदू, भाव उतरव रे! पोरीनं टोपली मांडली."

काकाही हसला. आणि हसता हसता, सवयीनं, विचार न करता, त्याच्या तोंडून निघून गेलं, "एक!"

आम्ही दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. त्याच क्षणी त्याला कळलं. तो भाव बोलला होता. म्हणजे विकायला माल आहे हे त्यानं मान्य केलं होतं. म्हणजे निदान एका होळीपर्यंत माझा बाप जिवंत आहे असं तो सगळ्या खलाशांसमोर बोलून चुकला होता. त्याचा चेहरा उतरला, पण आता उठता येणार नव्हतं.

"सा," मी म्हटलं.

"काशी, हा बाजार नाय."

"मग तू एक कशाला बोललास? सा!"

"दीड," काका म्हणाला, आणि माणसं पुन्हा हसली, कारण अर्धी होळी कशी असते?

"तुजी अर्धी होली तू तुज्या घरात पेटव. पाच."

"दोन. आनि आता गप."

मी चारवर आले. तो दोनवरून हलेना. मी आयेकडे पाहिलं. ती समुद्राकडे पाहत होती. लखमाआबा पुढे आला, त्यानं माझा हात धरला, काकाचा हात धरला आणि म्हणाला, "तीन. तीन होल्या नारान हाय. तिसरी जलली आनि तो आला नाय, तर व्हता. पारू मग आपनच बांगड्या उतरवील. व्हाय का?" आणि माझ्या हातावर काकाचा हात आपटला. मोठा, थंड, माशाच्या खवल्यांनी खरखरीत झालेला हात. आये नाळेपाशी गेली, कुंकू लावलं, नारळ ठेवला. खलाशी चढले. होडी लोटली गेली.

पुढे आयुष्यात मी पुष्कळ मोठे सौदे केले. आज बर्फाचा कारखाना आहे, गाड्या आहेत, आणि ज्यांनी एकेकाळी मला दारातून परत पाठवलं त्यांची मुलं माझ्याकडे कामाला आहेत. पण तसा सौदा पुन्हा झाला नाही. त्या संध्याकाळी सगळा पाडा माझं कौतुक करत होता आणि मी नारळीभात ओरपत होते.

पहिली होळी झाली आणि त्यानंतर भिका परत आला. जिवंत. ज्याचा गवताचा माणूस जाळला तो भिका, हाडं वर आलेली, दाढी वाढलेली, बोटीनं मुंबईला आणून सोडलेला. त्याला पाहून मंजू किंचाळली आणि घरात पळाली. तिला परत बांगड्या भरल्या, पण भिकाला वर्षभर कोणी होडीवर घेतलं नाही. मेलेला माणूस म्हणायचे. त्यांनीच मारलेला! मी त्याच्या भावाला भर किनाऱ्यावर विचारलं होतं, "आता गवताला परत बोलव ना!" त्यानं मला मारायला वल्हं उचललं होतं.

भिका आमच्याकडे आला. आयेनं त्याला बोंबलाचं कालवण आणि भात वाढला, आणि तो जेवेपर्यंत एकही प्रश्न विचारला नाही. मग तोच बोलू लागला. कुंपणात खूप माणसं होती. दुकानदार, शिंपी, बायकापोरंसुद्धा. एके दिवशी शिपायांनी विचारलं, गलबत हाकायला कोणाला येतं? बाबांनी हात वर केला. त्यांना चारपाच जणांबरोबर गाडीत घालून दुसऱ्या कुठल्या बंदरात नेलं. पुढे भिकाला सोडलं, बाबा त्यात नव्हते. "नारानदादा चांगला व्हता, वयनी. माजी लय काळजी घेत व्हता."

"हाय," आये म्हणाली.

भिकानं मान खाली घातली. "हाय, वयनी."

बाबांनी हात का वर केला? मी रात्रंदिवस तेच विचारायचे. कोणीही विचारलं, होडी कोण चालवतो, की यांचा हात वर! आये म्हणायची, "त्याला येतं तेच तो बोलला. खोटं बोलायचं व्हतं काय?" मग मी शाळा सोडली आणि बोईसरला मासळी घेऊन बसू लागले. तिकडे तारापूरला मोठं बांधकाम सुरू झालं होतं, परमुलखातले मजूर आले होते. त्यांच्याकडून मी हिंदी शिकले. "कितने का दिया, ए लडकी?" "तेरी औकात के बाहर है." त्यांना माझ्याशी भांडायला आवडायचं. मला खरंच भांडायचं असायचं, हे त्यांना कळायचं नाही.

दुसरी होळी गेली. काकानं या सगळ्या काळात तो विषय कधी काढला नाही. माझ्याशी गोड बोलायचा, आयेच्या वाट्याची मासळी वेळेवर पाठवायचा. त्याला माहीत होतं, थांबलं की झालं. दर होळीला, लाकडं पेटली की तो माझ्याकडे एकदा पाहायचा. बस, एकदा. त्या बघण्याची मी त्याला कधी माफी दिली नाही आणि तो गेला तेव्हा मी खांदेकऱ्यांच्या मागे चालले नाही.

तिसरी होळी जळली. सकाळी मी ठरवलं होतं की सौदा मोडायचा. भिका परत आला होता ना? मग सगळंच बदललं होतं. मी काकाला गाठणार होते, लखमाआबाला गाठणार होते, भांडून आणखी दोन होळ्या काढणार होते. मी तोंड धुवून आले तर आये घरात नव्हती. मी धावत किनाऱ्यावर गेले. ती आमच्या होडीपाशी उभी होती. तिनं दोन्ही हात उचलले आणि नाळेवर आपटले. मग पुन्हा. हिरव्या काचा वाळूत पडल्या. तिला कोणी धरलं नव्हतं, कोणी आणलं नव्हतं. काका तर अजून चहा पीत होता.

"आये, काय केलंस! मी बोलनार व्हते! मी आनखी मागनार व्हते!"

"तुजा बोल व्हता गो," ती म्हणाली. मनगटातून रक्त येत होतं, ते ती लुगड्याला पुसत होती. "तुजा बोल मोडला तर उद्या तुजी टोपली कोन घेल?"

मी तिच्यावर ओरडले. काय काय बोलले ते लिहीत नाही. इतका राग मला काकाचाही आला नव्हता.

त्या वर्षी नारळी पौर्णिमेला काकीनं नाळेला कुंकू लावलं. आये मागे, विधवा बायकांच्यात उभी. होडी लोटण्याआधी आमच्याकडे त्या होडीवरच्या गेलेल्या तांडेलांची नावं घेतात, एकेक नाव आणि एकेक ओंजळ पाणी. काकानं आपल्या आज्याचं नाव घेतलं, बापाचं घेतलं, मग ओंजळ भरली आणि म्हणाला, "माजा दादा, नारान, जो व्हता..."

"हाय," मागून आये म्हणाली.

सगळे वळले. काका ओंजळ तशीच धरून म्हणाला, "वयनी, तीन होल्यांचा बोल झालता. सगल्यांसमोर."

"बोल बांगड्यांचा झालता. बांगड्या दिल्या." तिनं रिकामी मनगटं वर करून दाखवली. "नावाचा सौदा कोनी केला? काशीनं केला? लखमाआबा, तुमी केलात?"

लखमाआबानं बराच वेळ विचार केला. सौद्याच्या बाबतीत तो खोटं बोलणारा माणूस नव्हता. "नाय," तो म्हणाला. "नाव त्यात नव्हतं."

काकाच्या ओंजळीतलं पाणी बोटांमधून गळून गेलं. होडी लोटली गेली. त्या होडीवर माझ्या बाबांचं नाव पुन्हा कोणी घेतलं नाही, आणि आये जाईपर्यंत आमच्या घरात त्यांच्याबद्दल 'व्हता' हा शब्द कोणी उच्चारला नाही.

मागच्या पावसाळ्यात काकाचा मुलगा माझ्याकडे आला. होडी आता मोठी झाली आहे, इंजिनाची आहे, पण नाळेची पूजा होते. पेढे घेऊन आला. मला काशीताई म्हणाला. "आता तरी मोठ्या काकांचं नाव घेऊ द्या ना. किती वर्षं झाली. आता ते असते तरी नसते." मग जरा पुढे सरकून, अगदी त्याच्या बापासारखं हसून म्हणाला, "तुम्ही बोला, काय पाहिजे ते देतो."

त्याला वाटलं, मी भाव सांगेन. सगळ्यांनाच वाटतं, की मी भाव सांगेन. मी पेढ्यांचा पुडा त्याच्या हातात परत दिला.

"टोपली मांडलीच नाय, बाबा," मी म्हटलं. "काय घेतोस?"